पुस्तक परत करायची तारीख

ती केस आठवली की आजही मी आधी एक सुस्कारा सोडतो आणि मगच बोलायला लागतो. पस्तीस वर्षांच्या नोकरीत मी खुनी पकडले, काही निसटू दिले, त्याची रुखरुख आहेच. पण न झालेल्या खुनाचा खुनी जवळजवळ तयार केला तो एकदाच.

निवृत्तीला दोन-तीन वर्षं उरली होती. बोईसर-तारापूर पट्ट्यातल्या एका पोलीस ठाण्याचा मी प्रभारी होतो. औद्योगिक वसाहत जवळ, त्यामुळे ठाण्यात मराठी कमी आणि हिंदी जास्त. भंगारचोरी, ठेकेदार आणि मजुरांच्या मारामाऱ्या, हायवेवरचे अपघात. सकाळी हजेरी, मग स्टेशन डायरी, मग बंदोबस्ताचं वाटप, आणि या सगळ्यात बाराच्या आत चहा मिळाला तर नशीब.

एका गुरुवारी संध्याकाळी एक माणूस बायको हरवल्याची नोंद करायला आला. वय चाळिशीच्या आसपास, मूळचा खानदेशातला, एका रासायनिक कारखान्यात बॉयलरवर कामाला. बायको बुधवारी सकाळपासून नव्हती. ठाणे अंमलदाराने विचारलं, "मग कालच का नाही आलात?" तो दाराकडे बघायला लागला. पोलिसाच्या दृष्टीने ही पहिली खूण.

दुसरी खूण म्हणजे त्याचं बोलणं. आधी म्हणाला, ती बाजारात गेली होती. मग म्हणाला, माहेरी गेली असेल. भांडण झालं होतं का? नाही. शेजारणीने सांगितलं, आदल्या दिवशी आवाज आला होता. मग म्हणाला, थोडं झालं होतं. बाईचा मोबाइल घरीच चार्जिंगला लावलेला. कपडे? "काही नेलं नाही साहेब." इथे एक अनुभवाचा सल्ला देतो. बायकोच्या साड्या किती, हे नवऱ्याला कधी विचारू नये. मी विचारलं आणि त्याचं उत्तर लिहूनही घेतलं.

सोमवारी बाईचा भाऊ गावाहून चार माणसं घेऊन आला. त्याचं एकच म्हणणं, "यानेच मारलंय माझ्या बहिणीला." दुसऱ्या दिवशी दोन पत्रकार दारात. वरून साहेबांचा फोन. मी नवऱ्याला रोज सकाळी चौकशीला बोलवायचो आणि संध्याकाळी सोडायचो. हात उचलला नाही, हे आधीच सांगतो. पण एकच प्रश्न दिवसभरात चाळीस वेळा विचारला, हेही सांगायला हवं. त्याच्याबरोबर काम करणारा एक बिहारी फिटर मला गेटवर म्हणाला होता, "साब, ये आदमी मच्छर भी नहीं मारता." मी त्याला हाकलून दिलं. असे दाखले देणारे प्रत्येक आरोपीला मिळतात.

बुधवारी दुपारी तो फुटला. खाली बघत म्हणाला, "हो साहेब. मीच मारलं तिला."

मग सगळं सांगितलं, आणि काय सांगितलं! निळ्या ताडपत्रीत गुंडाळलं, वर दगडी पाटा बांधला, बंद पडलेल्या दगडखाणीत पाणी साचलेलं असतं तिथे सोडलं. बेटेगावच्या पलीकडची खाण. इतके दिवस अडखळणारा माणूस एका दमात बोलला, आणि मी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. पोलिसांसमोरचा कबुलीजबाब कोर्टात टिकत नाही, त्यामुळे आता प्रेत काढलं की काम झालं, एवढाच हिशोब.

गुरुवारी दोन पंच, एक कॅमेरावाला आणि घिवलीहून आणलेले दोन पट्टीचे पोहणारे कोळी घेऊन आम्ही खाणीवर गेलो. त्यातला थोरला पाण्यात उतरला, चालत चालत मधोमध गेला आणि तिथूनच ओरडला, "सायेब, हितं गुडग्याएवडं पानी हाय! यात कोन बुडनार?"

तरी तीन तास गाळ चिवडला. एक टायर आणि दोन तुटक्या खुर्च्या मिळाल्या. मी आरोपीला विचारलं, "पाटा कुठून आणलास?" तो म्हणाला, "घरातला." त्याच्या घरात मी स्वतः जाऊन आलो होतो. ओट्यावर मिक्सर होता, वरवंटाही कुठे दिसला नव्हता. पण माझ्या डोक्यात तेव्हा एकच, की हा प्रेताची जागा लपवतोय. साप साप म्हणून भुई धोपटणं म्हणतात ते हेच.

शुक्रवारी सकाळी ताडपत्री आणि पाट्यासकट सगळी हकिगत पेपरात. ठाण्यातूनच कुणीतरी दिली होती. साहेबांचा फोन आला, "आज संध्याकाळपर्यंत तीनशे दोनचा गुन्हा दाखल करून अटक दाखवा." फिर्यादीचा मसुदा टाइप होऊन माझ्या टेबलावर आला. आणि तेवढ्यात तीन माणसं आत आली.

एक आमच्या भागातल्या छोट्या सार्वजनिक वाचनालयाच्या ग्रंथपाल बाई, एक निवृत्त मास्तर, आणि एक सरकारी दवाखान्यातली नर्स. ग्रंथपाल बाईंच्या हातात तो पेपर होता.

"साहेब," त्या म्हणाल्या, "हे तर पुस्तकातलं आहे."

मला आधी काहीच कळलं नाही. मग त्यांनी समजावलं. हरवलेली बाई त्यांच्या वाचनालयाची सभासद. महिन्यापूर्वी तिथे एक रहस्यकादंबरी आली होती. तिच्यात एक नवराच सगळी गोष्ट सांगतो. आधी म्हणतो बायको सोडून गेली, मग म्हणतो मीच मारली. निळी ताडपत्री, दगडी पाटा, खाणीतलं पाणी, सगळं त्यात आहे. अगदी शेवटच्या ओळीत दारावर थाप पडते, तो म्हणतो "आली," आणि कादंबरी संपते. वाचनालयात त्यावरून रण माजलं होतं.

"त्याने मारलेलंच आहे," मास्तर म्हणाले. "दारावर पोलीस आलेत. उघड आहे."

"अहो मास्तर, काय उघड आहे?" नर्सबाई उसळल्या. "तो पहिल्या पानापासून खोटं बोलतोय. तारखा सुद्धा जुळत नाहीत त्याच्या! ती जिवंत आहे आणि तीच दारात आलीय."

"मग एवढं बारीकसारीक कसं सांगतो तो? पाटा सुद्धा?"

"खोटं बोलणाराच बारीकसारीक सांगतो!"

माझ्या खोलीत, माझ्या टेबलापलीकडे, दोघं हातघाईवर आले होते. हवालदार दारात उभा राहून ऐकायला लागला. मी त्यांना गप्प करणार होतो, पण नर्सबाईंचं ते वाक्य ऐकून माझाच हात थांबला. समोर फिर्याद होती आणि तिच्यात पाटा होता.

मी नवऱ्याला आत बोलावलं. तिघांना बाहेर बसवलं आणि शांतपणे विचारलं, "हे पुस्तक वाचलंस तू?"

"मी नाही वाचत साहेब. ती सांगायची. जेवताना. रोज थोडं थोडं."

"मग मला पुस्तकातलं का सांगितलंस?"

तो रडायला लागला. "तुम्ही सारखं विचारत होता, कसं मारलं, कसं मारलं. मला काय ठाऊक साहेब? माझ्या बोलण्यानेच तिने जिवाचं काहीतरी केलंय. म्हणजे मीच मारली ना? मग जे ठाऊक होतं ते सांगितलं."

चोर सोडून संन्याशाला फाशी ही म्हण आपण सगळेच वापरतो. तो दोर माझ्याच हातात होता, हे मला तेव्हा दिसलं.

पण बाई कुठे आहे? ती खरंच जिवंत आहे का? त्याचं उत्तर अजून नव्हतं. ग्रंथपाल बाईंना मी विचारलं, ते पुस्तक आता कुणाकडे आहे. त्यांनी रजिस्टर आणलेलंच होतं. पुस्तक त्याच बाईच्या नावावर होतं, दुसऱ्यांदा वाचायला नेलेलं. मी दोन पंच घेऊन त्या जोडप्याच्या घरी गेलो. कपाट, गादी, माळा, सगळं पाहिलं. पुस्तक नव्हतं.

"परत करायची तारीख उद्याची आहे," ग्रंथपाल बाई म्हणाल्या. "मागे पाच जणांचे नंबर लागलेत. साहेब, सहा वर्षांत या बाईंनी एकदाही तारीख चुकवलेली नाही. ताप असला तर शेजारणीच्या हाती पाठवतात. त्या असतील, तर पुस्तक येईल."

यावर कुठल्या साहेबाने विश्वास ठेवावा? मी ठेवला. जीव द्यायला निघालेला माणूस वाचनालयाचं पुस्तक बरोबर नेत नाही, एवढं मला कळत होतं. वर फोन करून म्हणालो, एक दिवस द्या. साहेब म्हणाले, "उद्या संध्याकाळी सहा. त्यानंतर तुमची जबाबदारी." बाईच्या भावाने ठाण्याच्या दारात ठिय्या दिला आणि मी पैसे खाल्ले असं सगळ्यांना सांगितलं. ऐकून घेतलं.

शनिवारी सकाळी नऊला वाचनालय उघडलं. मी साध्या कपड्यात एका कोपऱ्यात मासिक घेऊन बसलो, बाहेर महिला हवालदार. मास्तर आणि नर्सबाई न सांगता हजर. दहा वाजले, साडेदहा झाले. नवी पुस्तकं न्यायला लोक येत होते, जात होते. मास्तर दर पाच मिनिटांनी घड्याळ बघत होते आणि मी ते बघत नाही असं दाखवत होतो. मनात म्हणत होतो, आली नाही तर या माणसाला कोण सोडवणार?

अकराच्या सुमाराला डोक्यावर रिकामी पाटी घेतलेली एक म्हातारी आत आली. मनोरकडच्या पाड्यावरून बोईसरच्या बाजारात भाजी विकायला येणारी. कनवटीजवळ खोचलेलं फडक्यातलं गाठोडं तिने सोडलं आणि ग्रंथपाल बाईंपुढे धरलं.

"बाय, ह्यां पुस्तक परत देवाचं हाय. आज तारीक हाय म्हनली ती."

"कोण म्हणाली?" मी उठून उभा राहिलो.

"तुमी कोन?"

"मी पोलीस आहे, आजी. तिला मारलंय म्हणतात. ती बाई आहे कुठे?"

"हाय की माज्याकडं. भात झोडतंय. मारलंय म्हंता? कोनी मारलं? सकाळी माज्याबरोबर भाकर खाल्ली तिनी!"

ग्रंथपाल बाई खुर्चीत बसल्या आणि पदर डोळ्यांना लावला. नर्सबाईंनी आजीला मिठीच मारली. मास्तरांनी मात्र आधी पुस्तक उघडलं. त्या वाचनालयात पुस्तकाच्या शेवटी एक कोरा कागद चिकटवतात, वाचणाऱ्याने आपलं मत लिहायचं. बाईने लिहिलं होतं: 'त्याने मारलेलं नाही. आपण मारलं असं त्याला वाटतं. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.' खाली सही आणि आदल्या दिवशीची तारीख. जन्मात एवढा देखणा पुरावा मी पाहिला नव्हता. माझा जीव भांड्यात पडला.

पाड्यावर गेलो तेव्हा ती खळ्यात होती, केसांत भाताचं तूस. ओळखीच्या भाजीवालीकडे थोडे दिवस राहायला आलेली, फोन नाही, पेपर नाही. बाहेर काय चाललंय याचा तिला पत्ताच नव्हता. महिला हवालदाराने जबाब घेतला. ती म्हणाली, "सहा वर्षं मी बोलते आणि हे जेवतात. त्या दिवशी म्हटलं, ऐकता का तुम्ही? तर म्हणाले, तू घरात नसलीस तरी मला कळायचं नाही. म्हटलं, बघू या, कळतंय का. सकाळी उठले, दोन साड्या घेतल्या आणि निघाले."

सज्ञान बाई, स्वतःच्या मर्जीने गेलेली. गुन्हा काहीच नाही. यायचं की नाही हे तिच्यावर सोडलं. ती लगेच जीपमध्ये बसली, चप्पल घालायचंही विसरली.

ठाण्यात भाऊ तिला पाहून भिंतीला टेकला आणि खालीच बसला. नवऱ्याला माझ्या खोलीत आणलं. तो दारातच थांबला, तिच्या पायांकडे बघत राहिला आणि म्हणाला, "चप्पल कुठाय तुझी?"

तिने पाय साडीत ओढून घेतले. मग म्हणाली, "यांना काय सांगितलंत तुम्ही? कसं मारलंत मला?"

तो मान खाली घालून सांगायला लागला. ताडपत्री.

"कसली?"

"निळी." मग पाटा, मग खाण. पुस्तकातल्या नवऱ्याचा धाकटा भाऊ दोन पानं येऊन जातो म्हणे, तो सुद्धा याने सोडला नाही.

"आणि शेवटी?"

"दारावर थाप पडते. तो म्हणतो, आली."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. "म्हणजे ऐकत होतात तुम्ही."

"ऐकतच होतो गं," तो म्हणाला. "मला बोलता येत नाही."

मी खोलीबाहेर आलो. हवालदार दुसरीकडे तोंड करून नाक पुसत होता. हरवल्याची नोंद बंद केली, साहेबांना फोन केला आणि फिर्यादीचा मसुदा चार तुकडे करून टोपलीत टाकला.

त्यानंतर माझ्या हाताखालचा फौजदार कुणाची कबुली घेऊन आनंदाने आला की मी त्याला परत पाठवायचो. म्हणायचो, त्याला असं काहीतरी विचार ज्याचं उत्तर तुलाही माहीत नाही आणि जे प्रत्यक्ष जाऊन पाहता येईल. खरं सांगणारा माणूस अडखळतो, तारखा चुकवतो, लाजेपायी दोन गोष्टी लपवतो. घडाघडा बोलणाऱ्याची मला तेव्हापासून भीती वाटते. त्या नवऱ्याने अडखळत सांगितलं होतं, फिटरने गेटवर सांगितलं होतं, त्या कोळ्याने गुडघाभर पाण्यात उभं राहून ओरडून सांगितलं होतं. त्या आठवड्यात खरोखर कुणी ऐकत नसेल, तर तो मी.