ताईची चाल

मास्तरांची गाणी देशभर गाजली आणि त्याचं सगळं श्रेय वर्तमानपत्रांनी त्यांच्या प्रतिभेला देऊन टाकलं. त्यांची खरी परीक्षक मात्र घरात शिलाई मशीनवर बसून शाळेचे गणवेश शिवत होती. ती त्यांची थोरली बहीण. आईमागे तिनेच त्यांना वाढवलं, पहिली पेटीही तिनेच घेऊन दिली. स्वतः मात्र सुराच्या बाबतीत आनंदीआनंद!

नवी चाल सुचली की मास्तर ती जेवताना सहज गुणगुणायचे आणि गप्प बसायचे. पुढे काजं-बटणं करताना ताईच्या तोंडी ती आपसूक आली, तर चाल सिनेमात. नाही आली, तर केरात. नाटकमंडळीत पेटी वाजवणारा हा माणूस या एका चाळणीच्या जोरावर देशातला नावाजलेला संगीतकार झाला. ताईला त्याचा पत्ताही नव्हता.

मग रेडिओवरच्या मुलाखतीत मास्तर कौतुकाच्या भरात सगळं बोलून गेले. ताईने ते ऐकलं आणि तिथेच घात झाला. धाकट्याची एकही चाल वाया जाऊ द्यायची नाही, असा तिने चंग बांधला. मास्तर काहीही गुणगुणोत, दुसऱ्या दिवशी ताई ते खड्या आवाजात गायची. मास्तर खूश! लागोपाठ तीन सिनेमे आपटले. निर्मात्याने बजावलं, "एवढं एक गाणं बघतो. नाही जमलं तर दुसरा माणूस घेतो."

मास्तर घरी येऊन ताईसमोर बसले. "खरं सांग, गेल्या सिनेमातली गाणी तुला आवडली होती?"

ताईने मशीन थांबवलं. "रटाळ होती रे."

"मग गायचीस कशाला?"

"तू एवढा जीव टाकून करतोस, नाही कसं म्हणू? आता नाही गाणार, शपथ!"

ताईची चाल ताईवरच उलटली होती. रागवावं की हसावं मास्तरांना कळेना, शेवटी दोघंही हसत सुटले. पण पंचाईत कायम राहिली, कारण ताईने तोंडाला कुलूपच लावलं आणि मास्तरांना काही सुचेना.

एका दुपारी काही केल्या सुईत दोरा जाईना. डोळे बारीक करून ओवता ओवता, आपल्याच तंद्रीत, ताई गुणगुणू लागली. मास्तरांच्याच दोन पडेल गाण्यांची ती सरमिसळ होती, एकाचं डोकं, दुसऱ्याचे पाय. मध्येच तिचा सूर हुकला, आणि हुकला तो इतक्या नेमक्या जागी की दाराआड मास्तरांच्या डोळ्यांत पाणी आलं. दोरा ओवला गेला तशी ती थांबली. मास्तर चोरपावलांनी पेटीकडे गेले.

ते गाणं लोकांनी अक्षरशः डोक्यावर घेतलं. दूधवाला, पोस्टमन, समोर कपडे वाळत घालणारी बाई, जो तो तेच गात होता. मास्तर हवेत होते. ताई मात्र घुश्शात. शेवटी तिने दार लोटून घेतलं आणि त्यांना जवळ बोलावलं.

"गाणं फार गोड आहे. पण मी ते आधी कुठेतरी ऐकलंय. उपाशी राहू, पण चोरी नको. कुणाची चाल ढापलीस?"

"तुझी," मास्तर म्हणाले.

ताईला पटायला बराच वेळ लागला. "मेल्या, मग विचारायचं तरी!"

"विचारलं असतं, तर गायली असतीस?"