दोन बोटांचा स्वर

सौंसरच्या बाजारात, खतांच्या दुकानावरच्या खोलीत गुणवंता कळंबे सरांचा इंग्रजी उच्चारांचा वर्ग भरतो. इंग्रजी स्पेलिंगवर सरांचा काडीचा विश्वास नाही. विश्वास आहे तो भिंतीवरच्या ध्वनिचिन्हांच्या तक्त्यावर. स्वर कानाने नव्हे, जबड्याने शिकायचा, हा त्यांचा सिद्धान्त. म्हणून प्रत्येकाजवळ आरसा सक्तीचा. ‘कॅट’मधल्या स्वराचे चिन्ह म्हणजे ए आणि ई ही अक्षरे एकमेकांना चिकटून बसलेली. त्यासाठी नियम असा, की दातांमध्ये दोन बोटे एकावर एक मावली पाहिजेत.

नियम सांगताना सरांच्या डाव्या गालात खर्रा असे. घोटलेल्या सुपारी-तंबाखूने विचारांना चालना मिळते, हे त्यांचे मत. दुजोरा देणारा पुरावा अद्याप उपलब्ध नाही.

“सर, तुमी करून दाखवा ना एकदा,” बोरगावची डिंपल म्हणाली.

“शिक्षक दाखवत नसतो, तपासत असतो.”

तपासणी मात्र त्यांचीच व्हायची होती. पांढुर्ण्याच्या एका खाजगी शाळेत उच्चारशिक्षकाची जागा निघाली होती आणि सोमवारी संचालकांपुढे नमुना पाठ द्यायचा होता. रविवारी सरांनी आरशासमोर तोंड उघडले. एक बोट गेले. दुसरे दारातूनच परतले.

“अजी, काय करून राहिले?” त्यांच्या पत्नी पुष्पाबाईंनी विचारले.

“स्वर.”

“गुपचूपची पाणीपुरी फोडून खाता तुमी, अख्खी जात नाही. मिरचीनं तोंड जळते तुमचं. अन् स्वर काढून राहिले!”

तिखट सोडल्याने उच्चार शुद्ध होतात, असे सरांनी वर्षभर घरात सांगितले होते. ते त्यांनी पुन्हा सांगितले, पण आवाज जरा पडलेला होता.

सोमवारी सरांनी सोबत नेलेला तक्ता फळ्यावर टांगला आणि सहावीच्या मुलांनी दोन-दोन बोटे लीलया तोंडात घातली. पहिल्या बाकावरच्या मुलीने विचारले, “सर, तुमचं?”

सरांनी प्रयत्न केला. एक बोट. जागा गेली, हे त्यांना तेव्हाच कळले.

“पाहू बरं,” म्हणत अध्यक्ष यशवंतरावांनी स्वतःचे तोंड उघडले. एक बोट. सचिवांचे तेही अडले. कोषाध्यक्षांनी गालातला ऐवज खिडकीबाहेर रिकामा करून पाहिले. फरक पडला नाही.

संचालकांनी बाहेर जाऊन चर्चा केली. परत आल्यावर यशवंतराव म्हणाले, “सर, तुमची नेमणूक पक्की. पण हा स्वर आपल्या हवामानाचा नाही. तक्त्यावर कागद चिकटवून टाका.”

ठराव एकमताने झाला. मुलांचे मत विचारण्याची पद्धत नाही.

सरांनी चिन्हावर कागद चिकटवला. त्या मुलीची बोटे अजून तोंडातच होती.

परतीच्या बसमध्ये त्यांनी खर्ऱ्याची पुडी फेकली, असे ते सांगतात. ती खिशात सापडली, असे पुष्पाबाई सांगतात. खिसे धुण्याचे काम त्यांच्याकडे असल्याने त्यांचीच साक्ष ग्राह्य धरावी लागते. नागपूरच्या दातांच्या डॉक्टरकडे मात्र दोघे गेले आणि खर्ऱ्यानेच जबडा आखडल्याचे डॉक्टरांनी सांगितले, याबद्दल वाद नाही.

आता रोज संध्याकाळी सर डॉक्टरांनी दिलेल्या लाकडी पट्ट्या दातांत एकावर एक अडकवून आरशासमोर बसतात. पुष्पाबाई नवी पट्टी सरकवतात, तेव्हा आतून ‘कॅट’मधला तो स्वर बऱ्यापैकी शुद्ध निघतो. शेजाऱ्यांना वाटते, सर नोकरीसाठी फारच मेहनत करून राहिले.