देशाची चावडी आणि सगुणाबाईच्या चपला

सगुणाबाईचा आवाज ज्यानं ऐकला नाही, त्यानं नाशिकचा गंगेवरचा, म्हणजे गोदाकाठचा, बुधवारचा बाजार पाहिलाच नाही असं खुशाल समजावं. मेथीची जुडी उंच धरून ती एकदा ओरडली की अर्धा बाजार माना वळवायचा. गिऱ्हाईक बंगल्यातलं असो की चाळीतलं, बोलण्यात ती कुणाला हार गेली नाही. "ताई, मेथी हाय ही, सोनं नाय घासून बघाया!" असं म्हणायची, आणि वर मूठभर कोथिंबीर फुकट टाकून त्याच ताईला पुढच्या बुधवारसाठी बांधून घ्यायची.

अशी ही वाघीण गावच्या चावडीपुढं मात्र मांजर व्हायची. आणि गंमत ऐका, त्या गावची सरपंच तीच होती!

गाव गिरणाऱ्याच्या अलीकडचं. नाव सांगत नाही. सांगितलं तर तिचा दीर चंदर अजूनही भांडायला यायचा. माळ्यांची वस्ती मोठी. गुलाब, शेवंती आणि पालेभाजी यांवर सगळ्यांची पोटं. नव्व्याण्णव साली सरपंचपद बाईसाठी राखीव निघालं आणि चंदरनंच आपल्या थोरल्या भावजयीला, म्हणजे सगुणाबाईला, उभी केली. बिचारीला वाटलं, दिराला आपलं कौतुक आहे.

आता त्या गावची एक रीत सांगायला हवी. सुनेनं चावडीपुढून जाताना पायातल्या चपला काढून हातात घ्यायच्या, पदर डोक्यावरून पुढं ओढायचा आणि मान खाली घालून चटचट निघून जायचं. पलीकडची चिंच ओलांडली की चपला पुन्हा पायात. लेकींना ही रीत नाही, फक्त सुनांना. कुणी घातली, कधी घातली, देव जाणे. उन्हाळ्यात चावडीपुढची फरशी तव्यासारखी तापायची, पण चटके सोसत बाया जायच्या, चकार शब्द काढायच्या नाहीत. सगुणाबाईची सासू भागुबाई तर चपला वापरायचीच नाही. "निम्मी वाट हातातच धरायच्या, तर घ्यायच्या कशाला?" असं ती म्हणायची. तिच्या टाचांच्या भेगांत ज्वारीचा दाणा सहज मावला असता.

सरपंच झाली तरी सून ती सूनच. ग्रामपंचायतीची खोली त्याच चावडीत. सभेच्या दिवशी सगुणाबाई चपला हातात घेऊन यायची, दाराबाहेर ठेवायची आणि दाराशेजारच्या गोणपाटावर बसायची. सरपंचाच्या खुर्चीत बसायचा चंदर. तो ना सदस्य, ना कोण. चावडीला लागून त्याची पिठाची गिरणी, एवढाच काय तो संबंध. पण "वहिनीला काय कळतंय, मी बघतो" असं म्हणाला आणि बघतच राहिला. ठराव तो सांगायचा, ग्रामसेवक लिहून घ्यायचा, मग कागद गोणपाटाकडं यायचा आणि सगुणाबाई सही करायची. चांगली चौथी शिकलेली बाई, पण पदराआडून काही वाचायची सोय नव्हती.

तरी हेही चाललं असतं. पण मळ्याकडच्या वस्तीतल्या बायांना पाण्यासाठी नाल्यापलीकडच्या विहिरीवर जावं लागे, आणि त्याच बायांनी सगुणाबाईला मतं देताना एकच गोष्ट मागितली होती, "सगुणे, वस्तीत नळ आण." नळ मंजूर झाला. चंदरनं तो आपल्या गिरणीपुढं नेऊन ठेवला. अजून कागदावरच होता. मार्चच्या सभेत सही झाली की पाइप पडणार होते. सगुणाबाई नवऱ्याला, वाळूला, म्हणायची, "बोलाया जाते आन् घशात आवळा अडकतो."

"तुझ्या घशात?" वाळू म्हणायचा. "बाजारात तुझ्या आवाजानं गाढवं उधळतात की!"

ती हसायची नाही. रागानं जास्तच जोरात खुरपायची.

फेब्रुवारीत नाशिकच्या एका संस्थेनं जिल्ह्यातल्या बाया-सरपंचांची दिल्लीची सहल काढली. चंदरनं खुशीनं परवानगी दिली, "जाऊ द्या, तेवढंच मन रमंल." परवानगी देणारा हा कोण, असं तुम्ही विचाराल. तेव्हा कुणी विचारलं नाही.

नाशिक रोडला गाडीत बसल्या तेव्हा दिंडोरीच्या, देवळ्याच्या, पेठच्या बाया एकमेकींना नवख्या होत्या. भाकरी आणि ठेच्याची गाठोडी सुटली आणि मनमाड यायच्या आत सगळ्या जावा-जावा झाल्या. बरोबर संस्थेची योगिनी होती, शहरात वाढलेली, हसरी पोरगी. ती समजावून सांगत होती, "पहिल्यांदा आपण संसद बघायची. म्हणजे कशी, आपल्या गावाची जशी चावडी, तशी ही अख्ख्या देशाची चावडी!" पोरीनं सोपं करून सांगितलं. त्याचं पुढं काय होईल हे तिला कसं कळावं?

दिल्लीत थंडी मरणाची. उतरल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी बायांनी धुक्यातून ती गोल इमारत पाहिली. खांबाला खांब लागून असा काही गोल फिरवलाय, की सुरुवात कुठं नि शेवट कुठं ते कळू नये. सगुणाबाईनं मान मागं टाकून पाहिलं आणि तिच्या तोंडून निघालं, "अगं माय! केवढी ही चावडी!"

आणि चावडी म्हटल्यावर हात आपसूक खाली गेला. तिनं चपला काढल्या, हातात घेतल्या, पदर पुढं ओढला. तिच्या मागं दिंडोरीच्या बाईनं. मग देवळ्याच्या. बघता बघता सगळी रांग अनवाणी, प्रत्येकीच्या हातात जोड, माना खाली. योगिनी पुढं चालली होती; तिनं वळून पाहिलं आणि जागीच थांबली.

दारावरचा शिपाई तर गोंधळूनच गेला. एवढ्या बायका चपला हातात घेऊन आत का येतायत? त्याला संशय आला. त्यानं सगुणाबाईची एक चप्पल घेतली, उलटी केली, ठोकून पाहिली. त्या चकचकीत पायरीवर मळ्यातली काळी माती सांडली. सगुणाबाई शरमेनं लाल झाली आणि पदरानंच पायरी पुसायला वाकली.

तेवढ्यात इमारत दाखवायला नेमलेला माणूस आला. त्यागीजी त्याचं नाव, निवृत्तीला आलेला, गळ्यात मफलर. तो म्हणाला, "बहनजी, पहन लीजिए. ये मंदिर नहीं है."

सगुणाबाईला बाजारातलं हिंदी येत होतं. ती म्हणाली, "मालूम है, भैया. मंदिर में चप्पल बाहेर रखते हैं. हाथ में तो चावडी पे लेते हैं."

"क्यों?"

तिनं सांगितलं. योगिनी मधे मधे शब्द पुरवत होती. तिनंही हे कधी ऐकलं नव्हतं. त्यागीजी मात्र चकित झाला नाही. मफलर सारखा करत म्हणाला, मेरठकडं त्याचंही गाव आहे, तिथंही चौपाल आहे, म्हणजे तिकडची चावडीच, आणि त्याची आई त्या चौपालीपुढून अशीच जायची. म्हातारी जाईपर्यंत तिची सवय सुटली नाही. मग तो त्या सगळ्या बायांकडं बघून म्हणाला, "यहाँ जिसको लोगों ने चुना, वो जूते पहनकर अंदर जाता है. आपको भी लोगों ने चुना है. पहनिए. मैं रुकता हूँ."

आणि खरोखर, सगळ्या बाया चपला घालेपर्यंत तो माणूस त्या थंडीत हात जोडून उभा राहिला. धन्य त्याची! सरकारी नोकरीत असली माणसं असतात यावर विश्वास बसत नाही, पण असतात.

मग त्यानं असं काही फिरवलं, की जणू स्वतःचं घर दाखवतोय. मधलं मोठं घुमटाचं दालन दाखवलं. इथंच बसून देशाची घटना लिहिली, म्हणाला. लिहिणाऱ्यांत बायाही होत्या, हेही सांगितलं. सगुणाबाईनं भिंतीला हळूच हात लावून तो कपाळाला लावला. मग लाल गालिच्याचं सभागृह, मग हिरव्या गालिच्याचं. त्या हिरव्या गालिच्यावर तिची चप्पल पडली तेव्हा तिला कसंनुसं झालं, अंगावर काटा आला. पण कुणी ओरडलं नाही. छत कोसळलं नाही.

अधिवेशन नव्हतं, बाकं रिकामी. सगुणाबाईनं हिय्या करून विचारलं, "बाई निवडून आली, तर वो किधर बैठती है?"

"जहाँ उसकी सीट है, वहीं."

"दरवाजे के पास नाही? गोणपाट पे?"

"दरवाज़े के पास कोई नहीं बैठता, बहनजी."

बाकीच्या बाया पुढं सरकल्या, सगुणाबाई तिथंच. मग एकदम म्हणाली, "और उसका देवर?"

त्यागीजीला कळेना. "देवर? उसका यहाँ क्या काम?"

"आया तो? देखने को?"

"अच्छा, देखने!" त्यानं वर बोट दाखवलं. वर चहूबाजूंनी सज्जे होते. "घरवाले वहाँ बैठते हैं. पास लेकर. चुपचाप. एक शब्द भी बोला, तो बाहर निकाल देते हैं."

सगुणाबाईनं त्या सज्ज्याकडं पाहिलं. त्या उंच सज्ज्यात, तोंडावर बोट ठेवून बसलेला चंदर तिच्या डोळ्यांपुढं आला. आणि हसू असं फुटलं तिला, की दोन्ही हातांनी तोंड दाबलं तरी आवरेना. सगुणाबाईचंच हसू ते! देशाच्या त्या सभागृहात असं घुमलं, की पुढं गेलेल्या बाया धावत परत आल्या. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि ते हसण्याचं नव्हतं.

दुपारी राष्ट्रपती भवनाची बाग पाहिली. गुलाबांपुढं ती पुष्कळ वेळ उभी राहिली आणि छाटणी बघून म्हणाली, "माळ्याचा हात हाय बाई. काय जीव लावलाय!" तिनं दिलेली शाबासकी ऐकायला तो माळी तिथं नव्हता, एवढंच वाईट. संध्याकाळी बाकीच्या बायांनी शाली घेतल्या, बांगड्या घेतल्या. सगुणाबाईनं सासूसाठी चपला घेतल्या. मऊ कातडी, रुंद पंज्याच्या.

भागुबाईनं त्या पाहिल्या आणि कपाळावर हात मारला. "म्हातारपणी मला ही थेरं? लोक शेण घालतील तोंडात!" सगुणाबाईनं तिला सगळं सांगितलं, खांब सांगितले, त्यागीजी सांगितला, त्याची आई सांगितली, सज्जा सांगितला. म्हातारी ऐकत राहिली. हसली मात्र नाही. चपला फडताळात ठेवल्या आणि म्हणाली, "चंदर माझ्या पोटचा हाय, सगुणे. चार लोकांत त्याला खाली नको पाहाया लावू."

सगुणाबाईचं अवसानच गेलं. सासूच्या शब्दाबाहेर ती कधी गेली नव्हती. एकीकडं म्हातारी, दुसरीकडं डोक्यावर हंडे घेऊन नाला उतरणाऱ्या बाया. सभेआधीच्या बुधवारी ती बाजारात मेथी पडेल भावानं देऊन आली.

सभेच्या दिवशी ऊन रणरणत होतं. चावडीची फरशी आली आणि सगुणाबाईचे पाय थांबले. हात सवयीनं खाली गेला. मग तिनं तो मागं घेतला, पदर कमरेला खोचला आणि चपला घालून चालत सुटली. चावडीला लागून असलेल्या पारावरच्या म्हाताऱ्यांच्या चिलमी हातातच राहिल्या. ती तशीच आत गेली, गोणपाट ओलांडलं आणि खुर्चीपुढं उभी राहिली.

"भाऊजी, उठा," ती म्हणाली. आवाज निघाला तो घोगरा. आवळा होताच घशात. "ती जागा माझी हाय."

चंदर पुढं रेलून हसला. "काय वहिनी, दिल्लीचं वारं लागलं का?" त्यावर सगळे सदस्य हसले, ग्रामसेवकानंही खाली बघून हसून घेतलं. सगुणाबाईचे कान तापले. पण ती गोणपाटाकडं गेली नाही. हलायचं नाही, एवढंच तिनं ठरवलं होतं.

तेवढ्यात बाहेर फरशीवर आवाज आला. फटक, फटक. चपलांची सवय नसलेल्या माणसाचा आवाज. सगळ्यांनी दाराकडं पाहिलं. भागुबाई येत होती. हातात काठी, डोक्यावर पदर, आणि पायात दिल्लीच्या चपला.

ती उंबऱ्यात थांबली. दम खाल्ला. म्हणाली, "चंदर, ऊठ."

"आये, तू मधी पडू नको..."

"ऊठ म्हणते ना! जन्म गेला माझा हितून पाय भाजत जाण्यात. तुला कडंवर घिऊन बी तशीच गेलेय मी. चल भाईर, माझ्यासंगं पारावर बस."

चंदर उठला. काय करतो बापडा? सगुणाबाई खुर्चीत बसली. खुर्ची जराशी करकरली. समोर नळाचा कागद होता. तिनं तो उचलला, सावकाश वाचला, आणि मग गावानं पहिल्यांदा चावडीत तो बाजारातला आवाज ऐकला, "नळ मळ्याच्या वस्तीत व्हईल! लिवा!"

पारावर बसलेला चंदर खिडकीतून आत बघत म्हणाला, "अवो वहिनी, पण..."

भागुबाईनं त्याच्या गुडघ्यावर काठी आपटली. "गप! तिकडं दिल्लीत एक शबुद बोललं की भाईर काढत्यात." मग तिनं दोन्ही पाय उन्हात पुढं केले आणि आपल्या चपलांकडं बघत बसली.