पाहुणे म्हणजे कोण

आमची धाकटी सिनेमे काढते. नाचगाण्याचे नाही, खऱ्या माणसांचे. आख्ख्या बाजारात दुसरा भाऊ दाखवा, ज्याच्या बहिणीचं नाव पडद्यावर येतं. माझं बॅटऱ्यांचं दुकान. शाळा मी अर्ध्यात सोडली, पण तिचा कॅमेरा माझ्याच बॅटरीवर चालतो. गिऱ्हाइकाला मी हे आधी सांगतो, भाव नंतर.

नदीकाठच्या मूळच्या लोकांवर तिनं सिनेमा केला. गाळानं बुजलेली नदी ते आपल्या जुन्या रीतीनं पुन्हा वाहती करतायत. त्यांच्यातल्या थोरल्या आजीला धाकटीनं शब्द दिलेला, तुम्ही हो म्हणालात तरच सिनेमा बाहेर जाईल. इकडे टीव्हीवाल्यांची तारीख ठरलेली, आणि मी तर सगळीकडे सांगून मोकळा.

मग आजीला सिनेमा दाखवायला त्यांच्या वस्तीतल्या सभेच्या खोलीत पडदा बांधला. वायर माझी, चादर बायकोची. सिनेमात आजी फावडं बाजूला ठेवून म्हणते, "पाहुणे आलेत. आता पाण्याला हात लावायचा नाही." त्यावर धाकटीचा आवाज येतो, की परक्या माणसांसमोर हे लोक नदीत उतरत नाहीत, इतके लाजरे.

खोलीभर हशा. एक जण तर बाकावरून घसरला. धाकटीही हसली, आणि मग हसताहेत ते आपल्यालाच, हे कळून तिचा चेहरा उतरला.

"पाहुणे म्हणजे मासे गं पोरी," आजी म्हणाली. "अंडी घालायला वर येतात. नाव घेतलं तर बुजतात, म्हणून पाहुणे म्हणायचं. ते जाईपर्यंत गाळाला हात लावत नाही आम्ही. आणि लाजरी कोण, मी?"

परत हशा. धाकटीनं सिनेमा बंद केला. म्हणाली, हा आता जाणार नाही. मी आजीला समजवायला लागलो, की पोरगी हाडाची हुशार आहे, आमच्या घरात असं डोकं कुणाचं नाही, एवढ्याशा चुकीचं काय घेऊन बसायचं.

"दादा, तुमची बॅटरी जरा बंद करा," आजी म्हणाली. मला असं गप्प करणारं माणूस आजवर भेटलं नव्हतं.

मग तिनं धाकटीला कॅमेरा काढायला लावला. "चुकलीस ते तसंच ठेव. बाहेरचे सगळे असंच समजतात. आता सिनेमा परत लाव, आमचं हसणं घे, मग मी सांगते पाहुणे कोण ते."

"म्हणजे हो ना, आजी?"

"हो. पण लाजरी म्हणालीस ना, त्याच्या मागोमाग माझं तोंड मोठं करून दाखव."

दुसऱ्या वेळी लोक जास्तच हसले.

सिनेमा ठरल्या तारखेला लागला. दुकानावर येऊन लोक चिडवतात, तुमची बहीण सगळ्यांसमोर चुकली की हो. मी म्हणतो, आपली चूक आपल्याच सिनेमात ठेवणारी दुसरी दाखवा. आणि सिनेमातल्या त्या खोलीत मागे नीट बघा. वायर धरून उभा आहे, तो मी.