नेवरा मापारणीचं फडकं

इल्वार शहरात नेवराच्या काट्यावर कुणी शंका घेतली नाही. औषधी मुळ्या, केशर, मोत्यांची भुकटी, सगळं तिच्याच हातून तोललं जाई. कमरेला पांढरं फडकं खोचलेलं असे. ताटलीत काही ठेवलं, काढलं, की फडकं फिरलंच. तीस वर्षांत तो हात तिला विचारायचा थांबला होता.

म्हणूनच ताशोन गुरुजी स्वतः तिच्या दुकानाच्या पायरीवर येऊन बसले होते.

"सभेत उजेड तोलायचाय. तोलशील?"

"उजेड? गुरुजी, ऊन लागलं का तुम्हाला?"

"बर्गानही तेच म्हणतो," ते हसले. "पण माप तुझंच हवं. तुला तोही खोटी म्हणणार नाही."

इल्वारचा उजेड विहिरींतून येई. भर दुपारी तळाशी साचलेला दाट उजेड घागरींनी उपसून घरोघरी नेत. ताशोनांचा प्रतिस्पर्धी बर्गान आणि त्याचे शिष्य म्हणत, उजेड ही नुसती थरथर, तिला वजन नाही, कितीही उपसा. ताशोन म्हणत, उजेडाचे कण असतात, आणि जे कणाकणाने साचतं ते कणाकणाने संपतं. वजन निघालं तर उपशाला बंदी, नाही निघालं तर ताशोनांची पाठशाळा बंद, असं ठरलं होतं.

सभेच्या दिवशी घागर काट्याच्या ताटलीत ओतली. ओतताना सगळ्यांनी डोळे मिटायचे, नाहीतर दिपून जातात. उघडे ठेवायचे फक्त मापारणीने. लखलखाट उडून गेला. ताटलीत राखेसारखा पातळ थर उरला. आणि नेवराचा हात गेला. फडकं एकदा गोल फिरलं. काटा सरळ उभा राहिला.

"उघडा डोळे!" तीच ओरडली.

"शून्य!" बर्गानची माणसं नाचू लागली. "गुरुजी, आता उजेड फुंकून खा!"

ताशोन जवळ आले. हळूच विचारलं, "नेवरा, ताटली पुसलीस का गं?"

सगळं शहर बघत होतं.

"नाही, गुरुजी."

त्यांनी मान हलवली. "मग माझंच चुकलं."

फडक्याचा कोपरा पुढे महिनाभर चमकत होता. तिने तो आत दुमडला आणि फडकं पेटीच्या तळाशी टाकलं. काट्याला नंतर तिने हात लावला तो मुळ्या तोलायलाच.

एकोणीस वर्षांनी पूर्वेकडच्या तीन विहिरी विझल्या. लोक दिवस मावळायच्या आत जेवू लागले. तेव्हा नेवरा फडकं घेऊन निघाली. ताशोन डोंगरापलीकडे पुतणीकडे राहत होते. दृष्टी गेली होती. लिहिणं तर सभेच्या दुसऱ्याच दिवशी सोडलं होतं.

तिने सगळं सांगितलं.

"आण इकडे. चमकतं अजून?"

ती हो म्हणू शकली असती.

"नाही. मळकट दिसतं."

त्यांनी कोपरा दोन बोटांत धरून चोळला. पुन्हा चोळला. बारीक वाळूसारखं काहीतरी खरखरलं. त्यांचा हात थांबला.

"एवढंच आणायला एकोणीस वर्षं लागली तुला?"

"माझा काटा गेला असता, गुरुजी. दुसरं काही येत नव्हतं मला. मी उद्या सभेत सांगते."

"सांग. उरल्यात त्या विहिरी तरी राहतील." मग, जणू अजून सभेतच उभे होते, तसं त्यांनी हलकेच विचारलं, "किती भरलं असतं गं?"

नेवराने मान खाली घातली.

"दीड गुंज. पुसण्याआधी काटा झुकला होता. मी पाहिलं होतं."