न्हाईट

गोष्ट सांगणाऱ्यानं काल ठेवलेलं नाव आज विसरू नये. मी विसरलो. परग्रहावरून आलेल्या एका दुर्मीळ खनिजाची गोष्ट मी लेकीला तीन दिवस पुरवून पुरवून सांगत होतो. चौथ्या दिवशी जेवताना तिनं विचारलं, "बाबा, त्या खनिजाचं नाव काय म्हणलात काल?" माझ्या तोंडात भाकरी. "न्हाई ठाऊक" म्हणायला गेलो, तेवढ्यात ठसका लागला आणि बाहेर पडलं ते "न्हाईठ्..." एवढंच.

"न्हाईट!" लेक खूश. आठवीत आहे, शाळेत नुकतेच बॉक्साइट, हेमेटाइट झाले होते. "बरोबर. खनिजांची नावं अशीच असतात."

मी पाणी पिऊन मान डोलावली. आदल्या दिवशी काहीतरी भारदस्त संस्कृत नाव ठेवलं होतं. ते अजून आठवलेलं नाही.

मग नावाला शोभेल असा गुण शोधणं आलं. ठरलं असं, की न्हाईट हातात धरून कुणी 'न्हाई' म्हटलं की ते जड होतं. एकदा म्हटलं तर पेरूएवढं, दहादा म्हटलं तर जात्याएवढं. त्या ग्रहावर एक बाई न्हाईटची अंगठी घालून पंगतीत 'आता पोळी न्हाई, न्हाई' करत बसली आणि तिला पाटावरून उठवायला चौघे लागले. नमुना म्हणून मी शोकेसमधली गारगोटी काढली. जिंतूरकडं मित्राच्या विहिरीच्या खोदकामात काळ्या पाषाणाच्या पोटातून निघालेली, आत पांढऱ्या सुयांचा झुबका. परग्रहावरची म्हणून सहज खपते.

रविवारी आम्ही परभणीहून सेलूला सासूबाईंकडं गेलो. लेकीनं गारगोटी रुमालात बांधून सोबत घेतली.

जाण्याचं कारण सासूबाईंचे डोळे. दोन्हींत मोतीबिंदू, उजवा तर पार पिकलेला. आणखी लांबवलं तर अवघड होईल, असं डॉक्टरांनी बायकोला बाजूला घेऊन सांगितलेलं. सासूबाई दोन खोल्यांत एकट्या राहतात, स्वतः गॅस पेटवतात. बायको महिनोन्‌महिने समजावत होती आणि उत्तर एकच यायचं, "न्हाई. मला चांगलं दिसतंय." मला पुढं केलं तर त्या पदर सावरून म्हणायच्या, "जावईबापू, तुमी चहा घ्या." संपली माझी शिष्टाई.

त्या दिवशी जेवणं झाल्यावर लेकीनं गारगोटी आजीच्या तळहातावर ठेवली. "आजी, हे हातात असेपर्यंत न्हाई म्हणायचं नाही. म्हणलीस की हरलीस."

सासूबाई खेळात हार मानणाऱ्यातल्या नाहीत. मांडी घालून बसल्या.

"लहानपणी शाळा बुडवायचीस?"

"बुडवायचे की."

"बाबा आवडतात तुला?"

सासूबाईंनी माझ्याकडं पाहिलं. म्हणजे माझ्या शेजारी खुंटीवर टांगलेल्या शर्टाकडं पाहिलं. "आवडतात. करते काय!"

मी हसलो. बायको हसली नाही. ती सुपात हरभरे निवडत होती, तिचा हात थांबला.

"आई," ती म्हणाली, "ऑपरेशनला येतीस?"

सासूबाईंनी गारगोटी या हातातून त्या हातात घेतली. मग म्हणाल्या, "बघू."

बायकोचा चेहरा उतरला. आपल्याकडं 'बघू' म्हणजे काय, ते सांगावं लागत नाही.

"चीटिंग!" लेक ओरडली. "बघू म्हणजे न्हाईच! सहलीला जाऊ का विचारलं की बाबा असंच म्हणतात."

"मग काय म्हणू गं?" सासूबाई एकदम वैतागल्या. "अन् बघू तरी कशानं? दिसतंय कुठं मला?"

बोलून गेल्या आणि स्वतःच थबकल्या. बायको सूप सारून त्यांच्याजवळ जाऊन बसली. मग हळूहळू एकेक बाहेर आलं. जुन्या साड्यांची वाकळ अर्धी शिवून तशीच पडलेली, कारण सुईत दोरा जाईना. शेजारीण ओळखू येते ती आवाजावरून.

"सांगितलं असतं तर तुमी मला उचलून परभणीला नेलं असतं. डोळे झाले की म्हणताल, आता हितंच राहा. मग माझ्या घराला कुलूप."

"तसं न्हाई म्हणणार. बरी झालीस की मी स्वतः तुला सेलूच्या गाडीत बसवून देईन."

"शपथ?"

"तुझी शपथ."

"मग ठरव दिवस," सासूबाई म्हणाल्या.

मायलेकी एकमेकींचे हात धरून बसलेल्या, आणि मी तिथंच उभा राहून माझ्या खनिजाकडं कौतुकानं बघत होतो. शेवटी लेकीनं मला दंडाला धरून ओसरीवर काढलं.

ऑपरेशन नीट झालं. सासूबाई काळा चष्मा लावून आमच्याकडं राहिल्या. त्यांच्या डोळ्यांत थेंब घालणं बायकोकडं, भांडी माझ्याकडं. आठवड्यानं मी चहा पिता पिता बायकोला म्हणालो, "काही म्हण, न्हाईटनं काम केलं."

"ते राहू द्या," ती म्हणाली. "आईला आता लय साफ दिसायलंय. तुमी घासलेली भांडी सकाळीच पुन्हा घासायला वेगळी काढून ठेवलीत तिनं."