उजवा खालचा कोपरा

बाहेरगावचा माणूस आमच्या गल्लीत शिरला की तो कोणाकडे आलाय हे मला सांगावं लागत नाही. काखेत कादंबरी, चाल हळू, चेहरा देवळाची पायरी चढल्यासारखा. मी ओट्यावर तांदूळ निवडत बसलेली असते. तो विचारतो, लेखक सावळीराम मास्तरांचं घर कोणतं? मी म्हणते, मास्तरांचं नाही बाई ठाऊक, हे समोरचं घर चतुराबाईंचं. तो पार भद्रकालीपर्यंत जाऊन घाम पुसत परत येतो, तर समोरच्याच दारातून मास्तर बाहेर पडताना दिसतात. मग तो माझ्याकडे अशा नजरेने बघतो की माझा पुढचा सगळा दिवस बरा जातो.

खोड वाईट, कबूल आहे. पण सगळ्या नाशकात चतुरा हे नाव मोठ्याने घेणारी मी एकटीच, तेव्हा एवढी मुभा मला असावी. बाकी सगळ्यांना ती मास्तरीणबाई. वाण्याला मास्तरीणबाई, दूधवाल्याला मास्तरीणबाई. खुद्द मास्तर तिला 'अगं' म्हणतात, आणि चारचौघांत तेही नाही, तिथे 'आमच्या घरातून'. यात त्यांचा एकट्याचा दोष नाही. आमच्या घरीही हेच चालतं. बायकोचं नाव चार पुरुषांत घ्यायचं म्हणजे धोतर सुटल्याइतकी लाज.

चतुरा सिन्नरची. तिचे वडील पुंजाराम पेंटर नाटकांचे पडदे रंगवायचे. कंपनी गावोगाव हिंडायची, बैलगाड्यांतून पडद्यांच्या गुंडाळ्या जायच्या, आणि शेवटच्या गाडीत गुंडाळीवर मागे तोंड करून ही बिनआईची पोर बसलेली असायची. मांजरपाट जमिनीवर अंथरायचं, भुकटीचे रंग सरसाच्या पाण्यात कालवायचे, आणि लांब दांड्याचा कुंचला घेऊन कापडावरून अनवाणी चालत रंगवायचं. झाडं, खांब, कमानी पुंजारामांच्या, आभाळ पोरीचं. आभाळाला धीर लागतो आणि तो माझ्याकडे नाही, असं ते म्हणायचे. पडदा झाला की उजव्या खालच्या कोपऱ्यात तांबड्या रंगात ते लिहायचे : पुंजाराम, सिन्नर. पोरीने एकदा विचारलं, माझंही लिहू का? ते म्हणाले, अख्खा पडदा तुझा तू करशील त्या दिवशी लिही.

तो दिवस यायच्या आधी मास्तर आले. तेव्हा ते नुसते शाळामास्तर होते, पुस्तक एकही नव्हतं. नाशकात कंपनीचं नाटक लागलं, हे बघायला गेले, आणि तीन अंक सोडून मागचं आभाळच बघत बसले. दुसऱ्या दिवशी पुंजारामांना गाठून त्यांनी विचारलं, हे आभाळ कोणाचं? तीन महिन्यांत लग्न. लोक म्हणतात मास्तर मुलीच्या रूपावर भाळले. मी म्हणते, मास्तरांनी आभाळाशी लग्न केलं, मुलगी त्याच्याबरोबर घरात आली. वर्षभरात पुंजाराम तापाने गेले.

दोन खोल्यांच्या घरात वीस फुटी मांजरपाट कुठे अंथरणार? चतुरा शाळेच्या जुन्या पेपरांच्या पाठीवर पेन्सिलीने चित्रं काढू लागली. मास्तर कादंबऱ्या लिहू लागले. लिहिता लिहिता अडले की आतल्या खोलीकडे तोंड करून विचारायचे, अगं, चांदवडचा घाट पहाटे कसा दिसतो गं? ती भाकरी तव्यावरून उतरवून, हात पुसून, एवढ्याशा कागदावर घाट काढून द्यायची. मास्तर त्याकडे बघून दोन पानं लिहायचे, आणि तो कागद पुढे खूण म्हणून कुठल्यातरी पुस्तकात जायचा. मग पुण्याच्या मासिकात छापून यायचं की सावळीराम मास्तर शब्दांनी चित्रं काढतात. ते मासिक घेऊन मी समोर गेले आणि म्हटलं, मास्तरीणबाई, तुमची पेन्सिल पुण्यापर्यंत पोचली, फक्त तुमचं नाव वाटेत सिन्नरच्या फाट्यावर उतरलं. ती पदर तोंडावर घेऊन खूप हसली. हसणं थांबल्यावर मात्र खिडकीतून बाहेर बघत राहिली. तिथे आभाळाचा केवढा तुकडा दिसतो? ताटाएवढा.

गंगेवर, म्हणजे आमच्या गोदेवर, धुणं धुताना एकदा तिने मला मनातलं सांगितलं.

"वहिनी, एक अख्खा पडदा करायचा राहिलाय. आणि तो बघून ह्यांनी चार लोकांत म्हणावं, हा चतुरानं केला. एकदाच. मग खुशाल मास्तरीणबाई म्हणा जन्मभर."

एवढंच मागणं. दागिना मागितला असता तर मास्तरांनी केला असता बहुतेक.

छत्तीस साली मास्तरांना पन्नासावं लागलं आणि गावाने सत्कार ठरवला. समितीचे चिटणीस रावजी, म्हणजे वकिलांकडचे कारकून. उपरणं सावरत सतत घाईत. नाटकगृहाचा मागचा पडदा उंदरांनी खाल्लेला, नवा कुठून आणायचा या काळजीत ते आमच्या ओट्यावर बसले होते. मास्तरीणबाई रंगवतील असं सांगितलं असतं, तर त्यांनी चहा अर्धा टाकला असता. म्हणून मी सांगितलं की मुंबईचे गोटीराम आर्टिस्ट आमच्या माहेरच्या ओळखीतले आहेत, ते करतील. फार लाजाळू माणूस. दार लावून काम करतात, कोणाला भेटत नाहीत. मुंबई म्हटल्यावर रावजींचा चेहरा असा उजळला की विचारू नका. गोटीराम हे आमच्या बोक्याचं नाव. लाजाळू आहे हे मात्र खरं होतं.

आमच्या भांड्यांच्या वखारीत मांजरपाट अंथरलं. रोज दुपारी मास्तर शाळेत गेले की चतुरा पापड लाटायच्या निमित्ताने यायची. बावीस दिवस. मास्तरांनी एकदा मला अडवून विचारलं, एवढे पापड खाणार कोण? मी म्हटलं, तुमच्या सत्काराला पुण्याची माणसं येणार, त्यांना काय मोकळंच पाठवायचं?

त्या बावीस दिवसांतली चतुरा मी आधी कधी बघितली नव्हती. कासोटा घातलेला, पावलं निळी, कुंचल्याचा दांडा खांद्यावर, आणि चालणं असं की कापड नव्हे, रान तुडवतेय. एकदा पूर्ण तासभर नुसती उभी राहिली. मी म्हटलं, थकलात का? ती म्हणाली, आभाळ वाळतंय, त्याच्यासोबत थांबलेय. पडद्यावर सिन्नरहून नाशकाकडे येणारा रस्ता होता, सकाळचा. धुक्यातून कंपनीच्या गाड्या निघालेल्या, आणि शेवटच्या गाडीत गुंडाळीवर मागे तोंड करून बसलेली एक परकरी पोर. जे मागे पडत चाललंय तिकडे बघत असलेली. त्या सगळ्यावर आभाळ. उजवा खालचा कोपरा तिने कोरा ठेवला होता.

मी म्हटलं, सत्काराच्या दिवशी सकाळी मास्तरांच्या कानात सांगते, म्हणजे भाषणात ते तुमचं नाव घेतील. तिने मला थांबवलं.

"सांगायचं नाही. ते ओळखतील. ह्या आभाळावरून तर त्यांनी मला आणलं."

रविवारी दुपारी चारला सत्कार. नाटकगृह भरलेलं, आम्ही बायका डाव्या अंगाला. दर्शनी पडदा उघडला आणि मागचा रस्ता दिसला तशी लोकांची कुजबुज बंदच झाली. माझ्या पुढे बसलेली रंगूबाई, जिला स्वतःच्या नातवाचंही कौतुक नाही, ती म्हणाली, गार वारा आल्यासारखं वाटतंय नाही? चतुराने माझं मनगट धरलं.

मग मास्तर रंगमंचावर आले. लोकांना नमस्कार करत आले, नमस्कार करतच खुर्चीवर बसले. आणि तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. सत्काराची खुर्ची लोकांकडे तोंड करून असते. सगळ्या गावाला पडदा दिसत होता. तो ज्या एका माणसासाठी होता, त्याची पाठ पडद्याकडे होती. हार, शाल, श्रीफळ, चार भाषणं. मी खोकले. मी पदर पडद्याच्या दिशेने हलवला. मास्तरांना वाटलं मी कौतुक करतेय, त्यांनी मला वेगळा नमस्कार केला. रावजींनी आभार मानताना गोटीराम आर्टिस्टांसाठी टाळ्या मागितल्या, आणि मास्तरांनीही आपल्या भाषणात, मागे न बघता, मुंबईच्या त्या थोर कलावंताचे ऋण मानले. टाळ्या पुष्कळ पडल्या. बोका घरी झोपलेला असणार. मनगटावरचा हात कधी सुटला मला कळलं नाही.

माणसं चहाला बाहेर गेली. चतुरा जागची उठेना, म्हणून मीही बसले. तेवढ्यात मास्तर विसरलेली काठी घ्यायला परत आले. रंगमंचावर चढले, काठी उचलली, आणि वर बघितलं. काठी हातातच राहिली. ते मागे सरत सरत पार कडेपर्यंत आले, मला वाटलं पडतात आता. मग त्यांनी रिकाम्या नाटकगृहात, मोठ्याने, भाषणाच्या आवाजात हाक मारली.

"चतुरा."

ऐकायला मी, आणि खुर्च्या उचलणारी लंकाबाई. तिने वरही बघितलं नाही.

चतुरा रंगमंचावर गेली. मास्तर कोऱ्या कोपऱ्याजवळ वाकले होते. नाव का नाही घातलंस, असं त्यांनी विचारलं. ती म्हणाली, तुम्ही घाला. तुम्ही लिहिणारे. पडद्याच्या आड तिने डागडुजीसाठी तांबड्या रंगाची वाटी आणि कुंचला ठेवला होता. मास्तर शाल सावरत गुडघ्यावर बसले आणि त्यांनी लिहिलं : चतुरा, सिन्नर. अक्षर भलतंच जाड आलं, रंगही जास्त घेतला होता. पण बारा पुस्तकं लिहून झालेला तो माणूस त्या दोन शब्दांकडे पहिलीतल्या मुलासारखा बघत होता.

तेवढ्यात घाईघाईत रावजी आले. सातनंतर नाटकगृह दुसऱ्यांना दिलेलं, पडदा उतरवायला हवा. मास्तर आनंदात म्हणाले, गुंडाळा, गुंडाळा, झालं आमचं. त्यांना वाटलं असेल, शाईसारखंच वाळतं. दोघं गडी खालून गुंडाळू लागले. ओला पडदा गुंडाळायचा नसतो हे चतुराला आईच्या नावाआधी कळलं असेल. तिने तोंड उघडलं आणि मिटलं.

घरी येताना मी चिडून विचारलं, बोलला का नाहीत?

"ते इतके खूश होते, वहिनी. पुसलं जाणार हे त्या वेळी कसं सांगू?"

पुढे गणेशोत्सवात पडदा उघडला तेव्हा कोपऱ्यात फक्त तांबडा डाग होता. एव्हाना वर्तमानपत्रात गोटीराम आर्टिस्टांचं नाव छापून आलेलं, आणि कळवणच्या एका नाटक मंडळीचं पडदे रंगवायला त्यांना आमंत्रणही. चतुराने पुन्हा नाव घातलं नाही. माझ्या हाताने घालायचं असतं तर पहिल्यांदाच घातलं असतं, एवढंच म्हणाली.

मास्तर लबाड नाहीत. चांदवडच्या सभेत त्यांनी ही सगळी हकिगत सांगितली, तिचं नाव घेऊन, चार नाही चारशे लोकांत. गोष्ट बोक्यापाशी आली तसे लोक पोट धरून हसले, शेवटी त्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि अध्यक्ष म्हणाले की मास्तरांची ही नवी गोष्ट त्यांच्या आजवरच्या गोष्टींत सरस आहे. चतुरा त्या सभेला नव्हती. घरी पापड होते, या वेळी खरेच.

मीही सांगते, येईल त्याला सांगते. पण भद्रकालीपर्यंत पाठवलेली माणसं माझ्यावर विश्वास ठेवायला तयार नाहीत. मास्तरांनी सांगितलं तर ती गोष्ट, मी सांगितलं तर थाप.

अजून नाटकगृहात काही असलं आणि तो पडदा लागणार असला, की चतुरा मला हाक मारते. आम्ही डाव्या अंगाला बसतो. पुढे कीर्तन असो की शाळेचं संमेलन, ती सगळा वेळ त्या तांबड्या डागाकडे बघत असते. मी विचारलं, काय बघता एवढं?

"अक्षर ह्यांचं आहे ना," ती म्हणते. "मला वाचता येतं."